स्वयंपाकघरातून ऐकलेली संथा

दोन हजार एकच्या जूनमध्ये मी वाईहून निघाले तेव्हा अण्णा संथा देत होते. दारात सुमो उभी, आई ओवाळायचं तबक घेऊन थांबलेली, चार वर्षांची रेवा माझ्या कडेवर, आणि पुढच्या खोलीत अण्णा, माझे वडील, वेदपाठशाळेच्या मुलांसमोर मांडी घालून बसलेले. संथा मध्येच सोडत नाहीत. गुरूंनी चरण एकदा म्हणायचा, विद्यार्थ्यांनी दोनदा. सूक्त संपेपर्यंत उठायचं नाही, मग मुलगी पुण्याला निघालेली असो की मिशिगनला. संपल्यावर ते बाहेर आले. माझा भाऊ बंगळूरला नोकरीला निघाला तेव्हा त्याला त्यांनी बजावलं होतं, "रोजचा पाठ मोडू नकोस." मला म्हणाले, "लोणच्याची बरणी आडवी ठेवू नकोस." मी हसले, पण गाडी शिरवळच्या पुढे जाईपर्यंत ते वाक्य बोचत राहिलं.

कारण पाठ मलाही येत होता. मला तो कुणी दिला नव्हता. विद्यार्थ्यांच्या जेवणाचे तांदूळ निवडताना भिंतीपलीकडून रोज कानावर पडायचा, आणि कानांना मुलगा-मुलगी कळत नाही. अण्णांना हे ठाऊक होतं. एकदा मी पोळ्या लाटताना गुणगुणत असताना ते पाणी प्यायला आत आले. ऐकलं, पाणी प्यायले आणि परत संथा द्यायला गेले. रागावले असते तर निदान भांडता आलं असतं.

मिशिगनमधल्या ट्रॉयमध्ये माझा नवरा, विनय, आधीच पोचला होता. गाड्यांच्या कंपनीत आयटीचं काम, मग मॉर्गेज, मग स्नो-ब्लोअर, सगळं रीतसर झालं. तुम्ही जे माझ्यासारखे निघून आलात, तुम्हाला रविवारची सकाळ वेगळी सांगायला नको. देवळाच्या बेसमेंटमध्ये आमची बालशाळा भरायची. मुलं शुभंकरोती घडाघडा म्हणायची आणि पिझ्झा आला की तितक्याच घडाघडा विसरायची. आम्ही आया मागे उभ्या राहून उगाच ओठ हलवायचो. तुम्ही जे तिकडेच राहिलात, तुम्हाला हे हास्यास्पद वाटेल. आम्हालाही वाटायचं, पण पुढच्या रविवारी आम्ही हजर असायचो.

आई गेल्यानंतर, दोन हजार सातच्या शरदात, अण्णा सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आले. पाठशाळा बंद झाली होती. उरलेली मुलं पुण्याला मोठ्या पाठशाळेत गेली होती. रोज सकाळी ते फॅमिली रूममध्ये सोफा सोडून खाली बसत आणि एकटेच पाठ म्हणत. जुन्या सवयीने एक चरण म्हणून थांबत. समोर दोनदा म्हणणारं कुणी नव्हतं, तरी थांबत. मी किचनमध्ये डबे भरता भरता तो चरण मनातल्या मनात दोनदा म्हणायची. मला तो मोठ्याने म्हणायचा होता. पस्तिशी ओलांडलेली, ऑफिसात टीम लीड असलेली बाई, पण माझा धीर होत नव्हता.

त्याच सुमारास पाचवीतल्या रेवाला शाळेत प्रोजेक्ट मिळालं: इंग्लंडहून अमेरिकेत आलेल्या लोकांच्या पहिल्या वसाहतींमधलं शिक्षण. त्या काळी मुलांच्या हातात एक मुठीची लाकडी फळी देत. फळीवर कागद, कागदावर मुळाक्षरं आणि येशूची प्रार्थना, वरून शिंगाचा पारदर्शक पापुद्रा. रेवाने माझ्या चॉपिंग बोर्डावर कागद डकवला, त्यावर स्वयंपाकघरातलं प्लॅस्टिक ताणलं आणि ती फळी नेहमीप्रमाणे कार्पेटवर टाकून दिली. अण्णांचा पाय तिला लागला. ते वाकले, फळीला हात लावून तो कपाळाला लावला.

"आजोबा, ती आपली प्रेयर नाहीये," रेवा म्हणाली.

"अक्षरं आहेत ना? मग झालं." त्यांनी फळी उलटसुलट पाहिली. "काय करत ही मुलं हिचं?"

"बाय हार्ट. मीनिंग नंतर."

अण्णा खुलले. पुढचा तासभर ती लायब्ररीच्या पुस्तकातून सांगत होती आणि ते ऐकत होते. रान तोडून घरं बांधणाऱ्या त्या लोकांना धास्ती होती, की आपली मुलं इथे अडाणी राहतील, धर्मग्रंथ वाचायला विसरतील. म्हणून गावाने मास्तर ठेवायचा असा कायदा केला, धर्मोपदेशक घडवायला कॉलेज काढलं. मला बालशाळेचा बेसमेंट आठवला. समुद्र ओलांडून आलेले आईबाप सगळीकडे सारखेच घाबरतात, हे मला कुणीतरी आधी सांगायला हवं होतं.

"पण गर्ल्सना फक्त रीडिंग," रेवा म्हणाली. "शेजारच्या बाईच्या किचनमध्ये. लॅटिन स्कूल आणि कॉलेज ओन्ली बॉइज. आजोबा, तुमच्या शाळेत मुली होत्या?"

"नव्हत्या."

"बट व्हाय?"

अण्णांनी फळी टेबलावर नीट ठेवली. "तशी पद्धत होती," म्हणाले.

"दॅट्स नॉट अ रीझन," ती म्हणाली आणि दूध प्यायला निघून गेली.

पुढचे काही दिवस ते कानटोपी घालून आमच्या सबडिव्हिजनच्या रस्त्यांवर लांब फेऱ्या मारायचे. शेजारच्या काकूंनी मला विचारलं, त्यांना करमत नाही का गं. मी म्हटलं, नाही, विचार करताहेत. मला भीती वाटत होती की ते परतीचं तिकीट अलीकडे घ्यायला सांगतील.

एका शनिवारी सकाळी त्यांनी रेवाला हाक मारून समोर बसवलं. चरण म्हणाले. तिने दोनदा म्हटला, अमेरिकन र लावून. त्यांनी पुन्हा म्हटला, तिने पुन्हा दोनदा. मग किचनकडे न बघता ते म्हणाले, "आतून इतकी वर्षं म्हणणाऱ्यांनी बाहेर येऊन म्हणायला हरकत नाही."

माझे हात कणकेचे होते. तशीच जाऊन बसले. त्यांनी चरण दिला, मी दोनदा म्हटला, बिनचूक, असं मला वाटलं.

"चुकलं," अण्णा म्हणाले. "इथे स्वर खाली."

खाली कसा जायचा हे मला माहीत नव्हतं. पाठशाळेत गुरुजी विद्यार्थ्याच्या डोक्यावर हात ठेवून मान खाली-वर करवतात, स्वर तसा शिकवतात. भिंतीपलीकडून ते कसं दिसणार? अण्णांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि मान हलकेच खाली दाबली. मी रडले, आणि रडतानाच तो चरण पुन्हा दोनदा म्हटला. ते थांबले नाहीत. त्यांनी पुढचा चरण दिला.

गावी कधी जाणार, असं लोक विचारतात. जाते, दोन वर्षांनी एकदा. पण मनापासून विचाराल तर माझं घर ट्रॉयमधल्या त्या कार्पेटवर आहे. तिथे माझ्या वडिलांनी मला पहिल्यांदा "चुकलं" म्हटलं.