ठकूबाईचं बाविसावं पान

चाळीस वर्षं झाली असतील, ही गोष्ट माझ्या तोंडातून बाहेर पडलेली नाही. नवरा गेला, त्याला सांगितली नाही. मुलगा-सून घरात आहेत, त्यांनाही नाही. आजारपणात दोनदा वाटलं, बोलून टाकावं — मग बरी झाले आणि गप्प बसले. मी चौथी शिकलेली. लिहायला मला वेळ लागतो. पण लिहिताना समोरच्याचं तोंड दिसत नाही. तुझं मला दिसत नाही, ते बरं आहे.

आधी पुस्तकांचं सांगते. त्याशिवाय पुढचं कळायचं नाही.

आमचं घर वडूजजवळच्या खेड्यात. नवरा पलटणीत, वर्षातून एकदा यायचा. घरात मी, पोरगा आणि धाकटे दीर, दत्तू भावजी. ते प्राथमिक शाळेत गुरुजी. लग्न केलं नाही. केलं असतं तरी बायको कुठं ठेवणार होते? सोप्यात, माळ्यावर, धान्याच्या कणगीशेजारी — सगळीकडं पुस्तकं. तीही अशी की कुणी नाव ऐकलेलं नाही. कुठल्यातरी गावचा इतिहास, कुठल्यातरी विसरलेल्या माणसाचं चरित्र, छोट्या छापखान्यात छापलेल्या ओव्या. सगळ्यांना ठाऊक असलेलं पुस्तक त्यांना नकोच असायचं. रविवारी सायकल नाहीतर एस्टी. कधी साताऱ्याची रद्दीची दुकानं, कधी सांगलीची. एखाद्या घरी शिकलेला म्हातारा वारला की हे तिसऱ्या दिवशी पिशवी घेऊन हजर. लोक थट्टा करायचे की गुरुजी रडायला आलेत का निवडायला.

त्यांचे जोडीदार बिरूनाना. माण तालुक्यातले, मेंढरं राखणारे. अक्षरओळख शून्य. पण मेंढरांमागं अर्धा मुलूख पालथा घातलेला, म्हणून कुणाच्या घरात पोथ्या-पुस्तकांचं कसलं बासन आहे ते त्यांना माहीत. भावजींना वाचता येत होतं, नानांना सापडवता येत होतं. असं ते दोघं.

एका चैत्रात नानांनी घोंगडीच्या तुकड्यात गुंडाळून एक पुस्तक आणलं. ठकूबाई नावाच्या त्यांच्याच कुळातल्या बाईचं चरित्र. तिच्या वेळच्या एका मास्तरानं लिहून छापलेलं. नानांच्या चुलतीनं ते देव्हाऱ्यात ठेवलं होतं. घरात वाचणारं कुणी नव्हतं, म्हणून दसऱ्याला त्याची पूजा व्हायची. कव्हरावर हळदकुंकवाचे डाग होते. दुसरी प्रत भावजींनी कुठंही पाहिली नव्हती. चुलती देईना, तेव्हा नानांनी देवासमोर भंडारा, म्हणजे देवाची हळद, उचलून शब्द दिला, दसऱ्याच्या आत आणून देतो. भंडारा उचलला म्हणजे झालं. त्याच्यापुढं कागद-सही काही नाही.

भावजी ते उतरून घेणार होते. एक-दोन पानं लिहून झाली आणि तेवढ्यात शाळेच्या परीक्षा आल्या. पुस्तक सोप्यातल्या फळीवर राहिलं.

आणि मी ते वाचायला लागले.

का? कशाला वाचायला लागले? मला अजून नीट सांगता येत नाही. बाईचं नाव दिसलं म्हणून असेल. भावजी शाळेत गेले की मी भाकऱ्या उरकायची, हात धुवायची आणि उंबऱ्याजवळच्या उजेडात बोट ठेवून एकेक शब्द वाचायची. दिवसाला एक पान, कधी दीड. कुणाला सांगितलं नव्हतं. त्या अठरा-वीस दिवसांत मला जे बरं वाटलं, तसं लग्नानंतर कधी वाटलं नव्हतं. हे पाल्हाळ वाटेल, पण ते खरं आहे.

एका रविवारी दोघं बाहेरून लवकर आले. मी पुस्तक हातात घेऊन बसलेली.

"नाना, बघा की," भावजी म्हणाले, "आमच्या वैनी इतिहासात शिरल्या."

"मग आता भाकरी कोण थापणार?" नाना म्हणाले. "गुरुजी, तुमीच शिका गड्या."

दोघं हसले. हसण्यात वाईट काही नव्हतं. मीही हसले असते. पण भावजींनी माझ्या हातातून पुस्तक काढून घेतलं, हळूच, पोराकडून काच काढून घेतात तसं, आणि म्हणाले, "आवं, लय नाजूक वस्तू हाय. पिठाचं हात लावू नगा."

माझे हात धुतलेले होते.

एवढंच. तुला वाटेल, एवढ्यावरून? हो, एवढ्यावरूनच. मोठं कारण असतं तर सांगितलं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी भावजी शाळेत असताना नाना एकटेच आले. आत आले नाहीत, ओट्यावर टेकले. मी पाणी दिलं. ते म्हणाले, "वैनी, काल आमी हासलो. मनाला लावून घिऊ नगा. माझी आई असती तर तिला ह्ये वाचून दावलं असतं तुमी." त्यासाठी त्यांनी सकाळची एस्टी सोडली होती. मी म्हणाले, त्यात काय एवढं. ते गेले.

ते गेल्यावर मी ते केलं. ते माफी मागून गेल्यावर. हे नीट वाच.

आमच्याकडं उन्हाळ्यात बायका कागदाच्या बुट्ट्या करतात. रद्दी भिजत घालायची, चार दिवसांनी मेथ्या घालून उखळात कुटायची, तो लगदा पालथ्या घागरीवर थापायचा, उन्हात वाळला की घागर काढून घ्यायची. पीठ ठेवायला चांगली. त्यासाठी भावजी जुन्या उत्तरपत्रिका पोत्यात भरून मला देत. घरामागच्या परड्यातल्या घंगाळात त्या भिजतच होत्या.

मी पुस्तक घेतलं. कव्हर जाड होतं, भिजलं नसतं, ते चुलीत घातलं. हळदकुंकवासकट. मग पानं फाडून घंगाळात दाबली. चुकून रद्दीत गेलं, असं मी म्हणू शकले असते. अडाणी बाई, हातून झालं — कुणी दोन शब्दांवर बोललं नसतं. पण चुकून कव्हर वेगळं काढत नाहीत.

दुपारी भावजींनी फळी बघितली. मग माळा. मग सगळं घर. परड्यात आले, घंगाळाला वळसा घालून गेले. मी तिथंच भांडी घासत होते. पानं अजून अख्खी होती. हात घालून बाहेर काढली असती, उन्हात घातली असती, तर वाचता आली असती. मला ते माहीत होतं. मी राख घेतली आणि तवा घासला.

"वैनी, घरात कोण आलं हुतं?"

"बिरूनाना येऊन गेलं."

बघ, खोटं नाही. अक्षर अन् अक्षर खरं. आणि त्याच्याइतकं वाईट मी आयुष्यात काही बोललेले नाही.

चार दिवसांनी नाना आले. तोवर भावजींच्या डोक्यात पक्कं बसलं होतं की पुण्याच्या कुणा संग्राहकाला नानांनी पुस्तक परस्पर दिलं. आणलंही त्यांनीच, नेलंही त्यांनीच. नानांनी कनवटीची भंडाऱ्याची पिशवी सोडली, कपाळाला लावली आणि म्हणाले, मी नेलं असंल तर माझं वाटोळं हुईल. भावजी शाळामास्तर. म्हणाले, "हळदीनं खरं ठरत न्हाई नाना. त्या दिवशी मी घरात नसताना आलता कशाला, तेवढं सांगा."

नानांनी माझ्याकडं बघितलं. भावजींनीही बघितलं. "वैनी, कशाला आलतं ह्ये?"

"पाणी प्यायला," मी म्हणाले.

नाना काय म्हणू शकले असते? तुमच्या वहिनीची माफी मागायला आलो होतो — एवढंच. ते म्हणाले नाहीत. मला वाटतं, दिरासमोर माझी शोभा होईल म्हणून म्हणाले नाहीत. पिशवी बांधली आणि उठले. परत आमच्या ओट्याला त्यांचा पाय लागला नाही. त्यांच्या पाठमागं मी उखळात लगदा घेतला आणि कुटला. रोजच्या कागदाचा असतो तसाच, करडा.

भावजींनी त्यानंतर पुस्तकं शोधायला जाणं हळूहळू सोडलं. कुणाच्या घरात काय आहे हे सांगणारा माणूसच राहिला नव्हता. वारले तोवर नानांचं नाव निघालं की तोंड फिरवत होते. आता मी मुलाकडं इस्लामपूरला असते. बुट्टी माझ्याबरोबर आली. सून तिच्यात लसूण ठेवते.

यंदा संक्रांतीनंतर सुनंदा आली. नानांची मुलगी. मी तिला परकरात पाहिलेली, आता पन्नाशीची बाई, केस पिकलेले. वडिलांचं ते पुस्तक शोधत फिरते आहे. साताऱ्यातल्या एका जुन्या वाचनालयात कुणाच्यातरी चरित्राच्या शेवटच्या पानावर तिला जाहिरात सापडली. तिनं मोबाईलवर फोटो दाखवला. बारीक अक्षरात, चार पुस्तकांत तिसरं, ठकूबाईचं चरित्र.

"काकी, छापलं हुतं एवढं तरी खरं ठरलं," ती म्हणाली. "आता लोक म्हणाया लागलेत, पुस्तक असं नव्हतंच, नुसती बिऱ्याची थाप."

मग तिनं सांगितलं ते मला ठाऊक नव्हतं. शब्द मोडला म्हणून चुलतीच्या घरानं नानांना परत दारात घेतलं नाही. जत्रेत सगळे भंडारा उधळायचे तेव्हा नाना लांब, मेंढरांच्या बाजूला उभे राहायचे. कुणी हाकलत नव्हतं. आपले आपण जायचे. शेवटपर्यंत. त्यांना जाऊन अकरा वर्षं झाली.

"तुमी तरी बघितलं हुतं का ते, काकी? आत काय हुतं, काय आठवतंय का?"

"न्हाई गं बाई," मी म्हणाले. "मला कुठं धड वाचता येतंय."

तिनं मान हलवली. तिला ते लगेच पटलं. मग उठता उठता बुट्टीवरून हात फिरवला. "किती जुनी हाय ही? माझी आई करायची अशा."

"घेऊन जावा की ताई," सून म्हणाली. "आमच्याकडं नुसती लसणाला हाय."

"नगं. काकीच्या हातची हाय. हितंच ऱ्हाऊ द्या."

मी चहाचे कप उचलून मोरीत नेले. जाताना तिनं कॅलेंडरच्या कोपऱ्यावर फोन नंबर लिहिला. महिना संपल्यावर पान उलटलं, तरी तो मागं आहे. मला फोन लावता येतो. मी लावलेला नाही.

आता तुला माहीत झालं. आता ते पुस्तक वाचलेलं जिवंत माणूस मी एकटी आहे, तेही बावीस पानं. म्हणून त्यातलं आठवतं तेवढं लिहून ठेवते.

ठकूबाई माणची. दुष्काळात नवरा गेला तेव्हा पोटात पोर होतं. मेंढरं घेऊन ती कृष्णेकडं उतरली. वाटेत बाळंत झाली आणि तिसऱ्या दिवशी परत चालू लागली. अक्षरं ती चाळिशीत शिकली, मेंढरं बसली की दगडावर दगडानं गिरवून. मास्तर लिहितो की त्यानं तो दगड पाहिला होता. त्या पहिल्या चालण्यात ती नदीला आली तर पूर. नावाडी म्हणाला, माणसं नेतो, मेंढरं नेणार नाही. ती पोराला पाठीशी बांधून काठावर उभी राहिली. सगळ्या कळपाकडं एकदा बघितलं आणि नावाड्याला म्हणाली —

तिथं बाविसावं पान संपत होतं. तेवढ्यात ते दोघं दारात आले.

ती काय म्हणाली, मला माहीत नाही. तेविसावं पान मी फाडलं तेव्हा वाचलं नाही.