नेपोलियन बेटावरून पळाला, असं मी सांगितलं

हे मी आमच्या ह्यांनाही कधी बोलले नाही, आणि आता ते ऐकायला उरले नाहीत. मुलींना नाही. नातवंडांना तर नाहीच — त्यांच्यापुढे मी अजून ‘खोटं बोलू नये’ म्हणणारी आजी आहे. तुम्ही परके आहात, म्हणून जमेल. जमेल ना? बघू.

एटापल्लीकडची गोष्ट. गडचिरोली जिल्हा चंद्रपूरपासून नुकताच वेगळा झाला होता, आणि मी तिकडच्या एका आश्रमशाळेत इतिहासाची बाई म्हणून रुजू झाले होते. हे चंद्रपूरला, कोळसा खाणीच्या ऑफिसात. मी शाळेच्या आवारात, दोन खोल्यांच्या क्वार्टरात. पावसाळ्यात नाल्यावरून पाणी गेलं की एसटी बंद. एसटी बंद की पत्र बंद, भाजी बंद, माणूस बंद. तेव्हाची ती बाई कशी होती, विचारता? पदवीचा तोरा नाकावर, साडीला रोज इस्त्री — लोट्यात निखारे घालून — आणि ती इस्त्री बघायला कोण, तर भिंतीवरची पाल. पालीचं नाव तिनं जोसेफिन ठेवलं होतं, नेपोलियनच्या बायकोचं. हसा, हसा. मीही हसते. संध्याकाळी ती जोसेफिनशी बोलायची, आणि जोसेफिन चुकचुकली की तिला बरं वाटायचं.

नववीच्या पुस्तकात युरोप होता. मार्टिन लूथरनं चर्चच्या दारावर कागद ठोकला, पॅरिसच्या लोकांनी तुरुंग फोडला, राजाची मान गेली — एकेकाच्या वाट्याला अर्धं पान. शाळा सुटल्यापासून जेवणाची घंटा होईपर्यंत वसतिगृहाच्या पोरी माझ्या ओसरीवर येऊन बसू लागल्या, आणि मी त्या अर्ध्या पानाचा आठवडा करू लागले. राणीच्या केसांचं वर्णन, तोफांचे आवाज, बर्फात गोठलेली घोडी. बर्फ त्यांनी पाहिला नव्हता. मी तरी कुठे पाहिला होता?

त्यांच्यात एक चैती होती. आतल्या गावची माडिया गोंड पोर, वर्गात तोंड न उघडणारी. पण ओसरीवर हुंकार तिचा. त्यांच्याकडे गोष्ट सांगताना एकीनं हुंकार द्यायचा असतो — वाक्य संपलं की ‘हं’. हुंकार देणारीवर गोष्टीची राखण. पुढं कोणी चुकलं तर तिनं सांगायचं, असं नाई, असं होतं. चैतीला माझा सगळा युरोप पाठ झाला होता. मी काल घोडा पांढरा म्हटला आणि आज काळा, तर ती हळूच म्हणायची, “बाई, पांढरा व्हता जी.”

नेपोलियन मी लांबवला. किती लांबवला! एल्बा बेटावरून तो पळाला तेव्हा पोरींनी टाळ्या वाजवल्या. मग वॉटर्लू. मग सेंट हेलेना — चारही बाजूंनी पाणी, ओल धरलेलं घर, उंदीर, पहारा, आणि बोलायला कोणी नाही असा एक माणूस. ते सांगताना माझा आवाज का बसत होता, ते त्या पोरींना कळलं नसेल. मला तरी कुठे कळलं होतं?

आता त्यानं मरायचं. पुस्तकात एकच ओळ होती. पण तो मेला की पुढचा धडा औद्योगिक क्रांतीचा — वाफेचं इंजिन आणि सूतगिरण्या. त्यासाठी माझ्या ओसरीवर कोण येणार होतं?

मी त्याला मरू दिलं नाही. एकदा पळाला, तो दुसऱ्यांदा काऊन नाही पळणार? डोंग्यात, खोड कोरून केलेल्या नावेत घातलं त्याला, समुद्र पार केला, एका मोठ्या जंगलात उतरवलं. तिथल्या माणसांनी झोपडी बांधून दिली, त्यांची बोली शिकवली. चैतीचा हुंकार मध्येच थांबला. तिनं विचारलं, “मंग त्याले बोलाले कोनी भेटलं, नाई का बाई?”

“भेटलं,” मी म्हणाले.

उद्या खरं सांगू, असं ठरवलं होतं. उद्याचं तुम्हाला माहीतच आहे.

मग तपासणी आली. साहेब नववीत आले, मागे आमचे मुख्याध्यापक, त्यांना घाम फुटलेला. साहेबांनी विचारलं, नेपोलियनचा शेवट कसा झाला? सगळा वर्ग खाली बघत बसला. आणि चैतीनं हात वर केला. चैतीनं! मला खरं तर तेव्हाच खोकला यायला हवा होता.

“पळाला जी सायेब. डोंग्यातून. आता जंगलात रायते.”

साहेब आधी हसले, मग हसायचे थांबले. “कोणी सांगितलं हे?”

“बाईनं.”

सगळे माझ्याकडे वळले. काय गेलं असतं हो माझं? चार शब्द ऐकले असते, फार तर शेरा बसला असता. पण मी हसले. हसून म्हणाले, “जंगलातल्या पोरी आहेत, साहेब, काहीही रचतात. मी असं कधीच शिकवलं नाही.”

साहेबांनी बाकीच्यांना विचारलं, तुम्ही ऐकलं का गं असं? त्या सगळ्या ओसरीवर होत्या. एकेकीनं माझ्या तोंडाकडे बघितलं आणि मान हलवली — नाही. युरोप शिकवायला मला अख्खा पावसाळा लागला. हा धडा त्यांना एका नजरेत आला. मुख्याध्यापकांनी चैतीला दाराबाहेर उभं केलं. ती रागावली नव्हती. माझ्याकडे बघत होती, मी थट्टा करतेय आणि आता सांगेन, अशी.

गॅलिलिओला माफी मागायला लावली, तो धडा शिकवताना मी याच वर्गात म्हणाले होते, मी असते तर जळाले असते, पण शब्द फिरवला नसता. हो, हीच बाई. इस्त्रीची.

त्यानंतर ओसरीवर कोणी आलं नाही. जोसेफिनही बहुतेक कौलात गेली.

मोहफुलं पडायला लागली की घरची माणसं पोरींना वेचायला न्यायला येत. चैतीचा बाप आला. फाटकापाशी न थांबता सरळ माझ्या क्वार्टरकडे आला. चैती मागे, लोखंडी पेटी घेऊन. त्यानं जोहार केला.

“बाई, एक इचारतो. पोरगी म्हंते, बाई सांगतात ते मले बरोबर समजत नाई, मी ढ हाओ. तिचीच चूक व्हती म्हंते. तुमी तिच्या बाई. तुमीच सांगा जी — शिकू देऊ का काढून नेऊ?”

चैती मान खाली घालून उभी होती. आजूबाजूला साहेब नव्हते, मुख्याध्यापक नव्हते. कोणी ऐकणारं नव्हतं. आम्ही तिघंच.

मी म्हणाले, “न्या.”

त्यानं हात जोडले. म्हणाला, “बेस झालं बाई, तुमी खरं सांगतलं.” पेटी त्यानं स्वतःच्या डोक्यावर घेतली, आणि ती त्याच्यामागे चालत गेली.