आईकडची बाजू

मी जन्मजात दमलेली. भोईवाड्यातल्या आमच्या चाळीचे दोन जिने चढताना मध्येच पायरीवर बसायचे, आणि बाबा वरून म्हणायचे, "आईवर गेलीय, आळशी कुठली." आईला ऐकायला कमी येतं, त्यामुळे तिच्यापर्यंत टोमणे निम्मेच पोहोचायचे. तिला साखर, मलाही चाळिशीच्या आतच साखर. पुढे पाय फारच जड व्हायला लागले तेव्हा डॉक्टरांनी माझ्या जीनोमची, म्हणजे सगळ्या जनुकांची, तपासणी करायला लावली. रिपोर्ट नॉर्मल आला. म्हणजे नुसता आळस, बाबा म्हणाले. मलाही ते खरं वाटायला लागलं होतं, याचा आज फार राग येतो.

यंदा पुन्हा तपासणी झाली, या वेळी लघवीतल्या पेशींची, आणि त्यांच्यात जनुकाचा दोष सापडला. माझं काय व्हायचं ते होवो. माझ्या तेरा वर्षांच्या लेकीत हे उतरलंय का, एवढंच मला कळायला हवं होतं.

परळच्या हॉस्पिटलात घरातल्या सगळ्यांची माहिती घेऊन बोलावलं होतं; आई-बाबाही बरोबर आले. बाबांनी ट्रंकेतून वंशावळ काढली आणि डॉक्टरीणबाईंच्या टेबलावर पसरली, सात पिढ्यांची. "आमच्यात असला काय एक नाय," ते म्हणाले.

बाईंनी ती मन लावून पाहिली. सात पिढ्यांत एकही बाई नव्हती. "छान आहे, काका," म्हणत त्यांनी घडी घालून ती परत दिली. "आता आईकडची बाजू सांगा."

मग त्यांनी समजावलं. पेशीच्या केंद्रात मोठा जीनोम असतो, निम्मा आईचा, निम्मा वडिलांचा. पहिल्यांदा तोच तपासला होता. पण पेशीला ताकद पुरवणारे मायटोकॉन्ड्रिया केंद्राच्या बाहेर असतात. त्यांचा स्वतःचा इवलासा जीनोम असतो, आणि तो फक्त आईकडून येतो. माझा दोष त्यात होता; थकवा, साखर, आईचं कमी ऐकू येणं, सगळं त्यातूनच.

बाबा वंशावळीची घडी पुन्हा पुन्हा दाबत राहिले. मला बरं वाटायला हवं होतं, पण नुसता थकवाच आला. इतकी वर्षं ऐकून घेतलं ते घेतलंच की.

बाई कागदावर गोल काढत होत्या. आजी, आई, मी. माझ्याखाली एक छोटा गोल काढून त्यांनी विचारलं, "मुलगी दमते का?"

"छे हो," मी म्हणाले. "शाळा सुटली की रोज शिवाजी पार्कात कबड्डीला जाते. सकाळी उठायचा तेवढा कंटाळा. मग ओरडावं लागतं."

आई आम्हा दोघींच्या ओठांकडे बघत होती. तिने माझ्या मांडीवर हात ठेवला.

"कबड्डी कसली गो," ती म्हणाली. "शाळेतून माझ्याकडे येते. दप्तर टाकते नि निजते, दोन-दोन तास. कानाशी येऊन सांगते, आजी, मम्मीला बोलू नको, ती मला आळशी म्हणेल."