बोटं मोजता येत नाहीत इतकी चमक

माझं बूड एका जागी टिकत नाही, हे माझ्याबद्दलचं आईचं जुनं मत आहे आणि ते खरं आहे. अमरावतीत मी घरी बसून भाषांतराची कामं करते, पण त्यातलं 'बसून' हे नावापुरतं. एक वाक्य झालं की उठते, गॅसवर काय आहे बघते, गॅलरीतल्या कुंड्यांना उगीच पाणी घालते, परत येते. कुकर, गिझर, पाण्याचा फिल्टर यांच्या खोक्यांतून जी मराठी पुस्तिका निघते आणि जी कुणीच वाचत नाही, ती माझ्यासारख्याच कुणीतरी लिहिलेली असते. दिवाळीआधी एका एजन्सीकडून रंगांची पुस्तिका आली. भिंतींचे रंग, दारांचे रंग आणि प्रत्येकापुढे तो किती चमकणार याची नोंद: मॅट, सेमी ग्लॉस, ग्लॉस.

ग्लॉसला 'चकचकीत' लिहून मी मोकळी झाले. मॅटला 'निस्तेज' लिहिलं असतं तर कंपनीने मला घरी बसवलं असतं, म्हणजे आहे तिथेच, पण कामाशिवाय. म्हणून 'चमकविरहित'. सेमी ग्लॉसपाशी मात्र गाडी अडली. मराठीत चमकेला शब्दांची वाण नाही. भांडं लखलखीत, दागिना झगमगीत, फरशी चकचकीत. पण सगळे शब्द वरच्या पट्टीत गाणारे. 'अर्धचकचकीत' लिहून पाहिलं, तर घाईत घासलेलं पातेलं डोळ्यांसमोर आलं. शेवटी 'मध्यम चमकदार' लिहिलं आणि पुढे सरकले. त्याखालचं वाक्यही मीच लिहिलं: 'जिथे हात वारंवार लागतो अशा भिंती व दारांसाठी योग्य.' ते लिहिताना माझ्या मनात एकही खरी भिंत नव्हती.

त्याच दिवसांत अकोल्याला आईच्या घराला रंग द्यायचं निघालं. आई अठ्ठ्याहत्तरची. बाबा गेल्यापासून त्या तीन खोल्यांत एकटी राहते. माझा धाकटा भाऊ पुण्याला असतो आणि तिला तिकडे न्यायचं म्हणून खनपटीला बसलेला असतो. "एकदा जरी पडली ना ताई, तर मी कुणाचंच ऐकणार नाही," हे त्याचं ठरलेलं वाक्य. आईचंही ठरलेलं होतं: "मले त्या बाराव्या मजल्यावर टांगू नका." मी या दोघांच्या मधे, अमरावती-अकोला बसमध्ये. माझ्या मनात ती अकोल्यातच राहावी असं होतं, कारण बाराव्या मजल्यावर ती चार महिन्यांत मिटून जाईल अशी मला भीती वाटत होती. रंगाचं काम त्यासाठीच काढलं. घर नीटनेटकं दिसलं की भावाचं तोंड बंद होईल, असा माझा हिशेब.

आईच्या घरात आमच्याकडच्या जुन्या घरांसारखा पट्टा होता. जमिनीपासून छातीपर्यंत ऑइलपेंट आणि त्याच्यावर साधा रंग. भिंतीला हात लागतात, तेल चोपडलेली डोकी टेकतात, पोरं पेन्सिलीने रेघोट्या मारतात. ओलं फडकं फिरवलं की भिंत पूर्ववत. आमचा पट्टा पिस्त्याच्या रंगाचा, वीसेक वर्षांपूर्वीचा, आईने पुसून पुसून नरम केलेला. रंगाला आलेले पेंटरचाचा साठीचे, तो पट्टाही त्यांनीच मारलेला. त्यांनी विचारलं, "ताई, पट्टा ठेवाचा का काढाचा?"

"काढा. शाळेच्या वर्गात बसल्यासारखं वाटतं."

आई दारात उभी होती. म्हणाली, "राहू दे नं तो पट्टा. काय बिघडवून राहिला तुयं?"

"आई, असा पट्टा आता कोणी ठेवते का?" आईशी बोलताना माझं वऱ्हाडी आपोआप सुटतं.

ती गप्प बसली. एका वाटीच्या जागेवरून अर्धा दिवस वाद घालणारी बाई एका वाक्यात गप्प बसली. मला तिथेच शंका यायला हवी होती, पण मी जिंकल्याच्या आनंदात होते. चाचांनी पट्टा घासला, पुट्टी भरली आणि सगळीकडे जमिनीपासून छतापर्यंत मॅट मारला, फिकट साईच्या रंगाचा. स्वयंपाकघर तेवढं राहिलं, कारण आईने डबे हलवू दिले नाहीत. मी भावाला फोटो पाठवले. त्याने अंगठा पाठवला.

आठ दिवसांत सगळं बिनसलं. आधी चहाचा कप फुटला. मग आईला दाराची चौकट लागली आणि कपाळावर निळा डाग उठला. मग तिने हिंडणंच कमी केलं. दिवसभर बाहेरच्या खोलीत एका खुर्चीत बसून राहायची आणि विचारलं की "पाय दुखते" म्हणायची. मी दिवसाआड अकोल्याला धावायला लागले. मूर्तिजापूर येईपर्यंत बसमध्ये माझी तीनदा जागा बदलून झालेली असे. मी तिच्या चपला बदलल्या, बीपीच्या गोळीवर संशय घेतला, रंगाच्या वासाला दोष दिला. व्हिडिओ कॉलवर भावाला तो डाग दिसला. तो ओरडला नाही, हे जास्त वाईट. "संक्रांतीनंतर न्यायला येतो," एवढंच म्हणाला. मी आईच्या ट्रंकेतल्या साड्या वेगळ्या काढायला घेतल्या आणि ती मला थांबवेना. तिने थांबवलं नाही म्हणून मला जास्त रडू आलं.

साड्या काढता काढताच एका दुपारी मला ते दिसलं. आई खुर्चीतून उठून स्वयंपाकघराकडे निघाली. बाहेरच्या खोलीत ती एक हात पुढे धरून चालत होती, एकेक पाऊल चाचपत. स्वयंपाकघराचा उंबरठा ओलांडला आणि हात खाली आला. सरळ फळीपाशी गेली, पातेलं घेतलं, कोपऱ्यावर न अडखळता वळली आणि मागच्या दारात जाऊन उभी राहिली. परत येताना उंबरठ्यावर पुन्हा हात वर. मी काही ना काही निमित्त काढून तिला तीनदा आत पाठवलं. तिन्ही वेळा तेच.

"आई, आत बरी चालते तू. इथं काहून चाचपते?"

ती खुर्चीत बसली. मग म्हणाली, "आत पट्टा हाये."

"त्याचं काय?"

"खिडकीतला उजेड त्याच्यावरून चालत जाते. जिथं तुटते, तिथं दार."

मी उठले आणि चाचांना फोन लावला. दुसऱ्या दिवशी त्यांनी घरी उरलेला ऑइलपेंट आणून बाहेरच्या खोलीत पट्टा मारून दिला. वाळला तसा असा झगझगला की ट्यूबलाइट भिंतीत दुसरी लावल्यासारखी दिसायला लागली. आई दारातच थबकली. "पाणी सांडलं का इथं?" तिने विचारलं. मग डोळ्यांवर हात धरला. "हा त डोयात घुसते. जुना कसा तुकतुकीत होता, वांग्यासारखा."

मी चाचांवरच तोंड टाकलं. पट्टा काढायला मीच सांगितलं होतं, मारायलाही मीच, आणि बोलणी खाल्ली त्यांनी. ते शांतपणे निघून गेले. संध्याकाळी तीन लहान डबे घेऊन आले आणि कोपऱ्यातल्या भिंतीवर ताटलीएवढे तीन ठिपके मारले. सकाळी वाळल्यावर त्यांनी मला जवळ बोलावलं, आपला पंजा पहिल्या ठिपक्यासमोर धरला आणि म्हणाले, "पहा. हा ग्लॉस. याच्यात माही बोटं मोजता येते." दुसऱ्यासमोर धरला. "हा मॅट. याच्यात हातच नाई." मग तिसऱ्यासमोर. "आन हा सेमी. दुकानात सॅटिन बी म्हनतात. हात हाये एवढं समजते, पन बोटं मोजता येत नाई. काकूचा जुना पट्टा नवा होता तवा ग्लॉस होता, पुसून पुसून सेमी झाला. त्यायले हे पायजे."

आई खुर्चीतून ऐकत होती. ती हसली आणि सहज म्हणाली, "मले बी आता मानूस तेवढाच दिसते. हाये एवढं समजते."

चाचांनी हात खाली घेतला. ब्रश धुवायच्या निमित्ताने ते मागे अंगणात गेले.

"कधीपासून?" मी विचारलं.

"दोन वर्सं झाले असतीन."

"सांगितलं काहून नाई?"

"सांगतलं असतं त तुमी मले इथं ठेवलं असतं का?"

बोलताना ती माझ्याकडे न बघता माझ्या कानाकडे बघायची. मी समजत होते ती रुसली आहे. पेपर बंद केला तेव्हा म्हणाली होती, "काय असते त्याच्यात." मी तेही खरं धरलं. लोकांच्या पुस्तिकांतला एकेक शब्द चिमटीत धरून तपासणारी मी, आणि आईचे डोळे मला दोन वर्षं वाचता आले नाहीत. मला स्वतःची लाज वाटली, आणि तिचा रागही आला. दोन्ही एकाच वेळी आलं, म्हणून मी घरभर फिरत राहिले.

डॉक्टरांकडे नेलं. डोळ्यामागचा पडदा मधोमध झिजला आहे, म्हणाले. समोरचं पुसट होत जातं, कडेचं दिसतं. गेलेलं परत येणार नाही, राहिलेलं टिकवायचं. झगमगाट सोसत नाही आणि सगळं एकसारखं फिकट असलं तर भिंत कुठे संपते तेही कळत नाही, हे त्यांनी मला समजावून सांगितलं. मी मान डोलावली. चाचांनी तेच एका पंजात सांगितलं होतं.

दोन दिवसांत बाहेरच्या दोन्ही खोल्यांना सेमीचा पट्टा झाला, पिस्त्याचाच. स्वयंपाकघराला आईने हात लावू दिला नाही. रंग वाळल्यावर ती खुर्चीतून उठली, मान किंचित तिरकी केली आणि हात खाली ठेवून मागच्या दारापर्यंत गेली. तिथून हाक मारली, "चहा टाकू का?" मी हो म्हणाले.

त्याच रात्री अमरावतीला येऊन मी एजन्सीला मेल केला: 'मध्यम चमकदार' काढा, 'तुकतुकीत' घाला. सकाळी तिथल्या पोरीचा फोन आला. "मॅडम, हा शब्द आमच्याकडे बाळासाठी वापरतात. किंवा वांग्यासाठी." मी म्हणाले, हो, त्याचसाठी वापरतात, हात फिरवावासा वाटतो अशी चमक. दहा मिनिटं मी तिला चाचांचा पंजा समजावून सांगत होते. तिने सगळं ऐकून घेतलं. पुस्तिका छापून आली तेव्हा त्यात 'सेमी ग्लॉस' होतं, देवनागरीत.

खरी अडचण पुढे होती. शनिवारी मी अकोल्याला असताना भावाचा फोन आला. स्पीकर चालू होता आणि आई शेजारी भाजी निवडत होती. "आता चालते ना नीट?" त्याने विचारलं. मी म्हणाले, चालते. "मग चौकटीवर आपटली कशी तेव्हा? डोळ्यांचं काही नाही ना ताई?"

आईचा हात भाजीत थांबला. 'नाही' म्हणणं फार सोपं होतं, आणि तिला तेच हवं होतं. मी उठले, बसले, परत उठले. मग सांगून टाकलं. पडदा झिजलाय, चेहरे दिसत नाहीत, दोन वर्षं झाली, हेही सांगितलं. "मग तर बोलायलाच नको," तो म्हणाला.

"बोलायचं आहे. तिला या घरातली वाट दिसते. तुझ्या घरातली दिसणार नाही, तिथं तिला पहिल्यापासून चाचपावं लागेल. मी मंगळवारी आणि शनिवारी येत जाईन. पडली तर मला बोल."

"उन्हाळ्यापर्यंत बघू," तो म्हणाला. याहून जास्त तो कबूल करणार नव्हता, मला माहीत होतं.

आई माझ्याशी दिवसभर बोलली नाही. जेवायला वाढलं, पण ताट जरा जोरात ठेवलं. दोन वर्षं जपलेली गोष्ट मी दोन मिनिटांत उघडी केली होती आणि माफी मागायला माझी जीभ वळत नव्हती, कारण मी परत तेच केलं असतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी पिशवी उचलली तेव्हा ती आतून आली आणि माझ्या हातात पुढच्या दारात बसवलेल्या कुलपाची दुसरी किल्ली ठेवली.

"आता माहीतच पडलं तुले, त हे ठेव तुह्यापाशी," ती म्हणाली. "मी आतून कडी नाई लावत जाईन. नुसतं कुलूप. पडली-झडली त तुले दार तोडा नाई लागलं पाहिजे."

बाबा गेल्यापासून ती कडी लावल्याशिवाय एक रात्रही झोपलेली नव्हती.