मागे वळून बघायचं नाही

कॉर्डेलिया मेब्रीच्या आईने तिला चर्चमध्ये चिमटे काढून काढून एक गोष्ट शिकवली होती. मागे वळून बघायचं नाही. मागून कोण आलं, कोण खोकलं, कुणाचं पोर रडतंय, आपल्याला काय करायचंय? देव पुढे आहे. हार्लेममध्ये तिच्याबरोबर वाढलेल्या सगळ्यांनीच हे चिमटे खाल्ले होते. आता सत्तरी ओलांडली, आया कधीच्या गेल्या, पण माना अजून धाकात होत्या.

साउथ कॅरोलायनातून आईचा हात धरून ती इथे आली तेव्हा शाळेतही जात नव्हती. मोठी झाल्यावर हॉस्पिटलच्या धुलाईखान्यात लागली आणि चादरींच्या वाफेत तिचं वय निघून गेलं. नवरा हार्लन बसच्या डेपोत मेकॅनिक होता. तो गेला. मुलगी अटलांटाला राहते, दर आठवड्याला फोनवर म्हणते, "ममा, आता ये इकडे, तिथं कोण उरलंय तुझं?" कॉर्डेलिया म्हणायची, "सगळं चर्च उरलंय."

हे ती मनापासून म्हणायची. रविवारी ती गिलगाल बॅप्टिस्ट चर्चची सेवेकरीण असे. पांढरे हातमोजे, एक हात पाठीमागे दुमडलेला, पाठ ताठ. तिची जागा माडीवर, जिना संपतो तिथल्या दारात. माडी पाहुण्यांची. डेन्मार्क, जपान, ब्राझील, कुठून कुठून माणसं हार्लेम बघायला येत, वाटाड्याबरोबर गल्ल्या हिंडत आणि शेवटी गाणं ऐकायला गिलगालच्या माडीवर येऊन बसत. कॉर्डेलिया त्यांना नजरेनंच बसवायची. फोन वर निघाला की तिचा तळहात पुढे यायचा. कुठल्याही देशाच्या माणसाला तो तळहात कळायचा. गाणं संपलं, प्रवचन सुरू व्हायची वेळ झाली, की पाहुणे एक बोट वर धरून निघून जात. प्रार्थनेतून मधेच उठताना बोट वर करायचं, म्हणजे देवाची आणि लोकांची माफी मागितली असं होतं. वाटाड्यांनी त्यांना तेवढं शिकवलेलं असायचं. मग रिकाम्या माडीच्या दारात ती एकटी उभी राहून प्रवचन ऐकायची. पास्टर हेअरस्टन बोलता बोलता वर बघत. ते देवाकडे बघतात, आणि देवाच्या वाटेवर आपण उभ्या आहोत, असं तिला वाटायचं. याहून जास्त मान तिने आयुष्यात मागितला नव्हता.

या वर्षी विश्वस्तांनी ठराव आणला. माडी बंद करायची आणि पाहुण्यांना खाली, आपल्या लोकांत बसवायचं. कारण सांगितलं जिन्याचं. जिना जुना झालाय म्हणे.

"जिना माझ्याहून जुना नाही," कॉर्डेलियाने सगळ्यांना ऐकवलं. "मी अजून उभी आहे."

खालच्या बाकांना पितळी पट्ट्या होत्या. डावीकडे तिसऱ्या बाकावर तिच्या आईचं नाव होतं. तिथे उद्या कुणी चड्डीतला माणूस पाण्याची बाटली घेऊन बसणार? तिने घरोघर फोन केले. तिची मैत्रीण आयनेझ टूमर तर पेटलीच होती. "माझ्या नवऱ्याच्या नावावर कुणी बसून तर बघू दे. हॅटपिन टोचीन," ती म्हणाली. सभा ठरली, प्रार्थनेनंतर, खालच्या सभागृहात. विरोधात बोलायचं कॉर्डेलियाने.

मधेच तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. काही आठवडे ती घरात बसून फोनवर प्रार्थना बघत राहिली. फोनमध्ये पास्टर दिसत, गाणारे दिसत. गाण्याचा आवाज भरगच्च यायचा.

सभेच्या रविवारी सकाळी लॉन्झो पीकने तिच्या दारात घडीची खुर्ची आणून ठेवली. लॉन्झो याच गल्लीतला, पन्नाशीचा. चर्चच्या पाळणाघरात कॉर्डेलियानेच त्याचे लंगोट बदलले होते. आता तो पाहुण्यांना हार्लेम दाखवत फिरायचा.

"मिस कॉर्डी, डॉक्टरने अजून फार वेळ उभं राहायला बंदी केलीय ना? मग माझ्याबरोबर चला. पाहुणी म्हणून."

"माझ्याच गल्लीत मी पाहुणी?"

"एकदा बघा तरी मी काय सांगतो ते. दर रविवारी माझ्या माणसांवर डोळे वटारता, आज माझ्यावर वटारा."

"खोटं बोललास तर तिथल्या तिथे सांगीन."

"म्हणून तर खुर्ची आणलीय. बसून सांगा."

ती गेली. चुका काढायलाच गेली. जांभळी हॅट घातली, काठी घेतली आणि परदेशी लोकांच्या घोळक्यात घुसली. लॉन्झो एका दगडी पायऱ्यांच्या घरासमोर थांबला. इथे पूर्वी न्हाव्याचं दुकान होतं, त्यानं सांगितलं.

"न्हाव्याचं नव्हतं, बाबा," खुर्चीवरून कॉर्डेलिया म्हणाली. "न्हाव्याच्या बायकोचं. तो नुसता खुर्चीत झोपायचा."

घोळका हसला. एक उंच डॅनिश बाई तिच्याकडे वळली. तिने विचारलं, "तुम्ही खरंच इथं राहता?"

"नाही तर काय रोज विमानानं येते?"

पुढच्या वळणावर लॉन्झोने कपडे धुण्याचं दुकान होतं ती जागा दाखवली. मग मासे तळून विकणाऱ्या विधवेची. मग मॅकेल्व्हीन कुटुंबाचं घर, ज्यांच्या खिडकीतून उन्हाळ्यात गल्लीभर पियानो ऐकू यायचा. सगळं खरं होतं. कॉर्डेलियाला चूक सापडेना. तिला त्रास होऊ लागला तो एवढाच, की लॉन्झो प्रत्येक दारासमोर 'होतं' म्हणत होता. होतं, होता, होत्या. तिला हे सगळं माहीत होतं. प्रत्येकाच्या अंत्यविधीला ती गेली होती, किंवा जॉर्जियाला परत जाणाऱ्याच्या ट्रकमध्ये तिने स्वतः खोकी चढवली होती. पण माणसं एकेक करून गेली होती आणि तिने दुःखही एकेकाचंच केलं होतं. एका सकाळी, एका दमात, सगळी घरं ओळीनं तिने कधी ऐकली नव्हती.

"दमलात का?" लॉन्झोने विचारलं.

"तुझी बडबड ऐकून दमले. चर्चला चल."

जिन्याच्या टोकाला दुसरा सेवेकरी, ब्रदर थॅडियस ओगल्सबी, आज तिच्या जागी उभा होता, तिचेच हातमोजे घालून. "या, या, पाहुण्या बाई," तो डोळे मिचकावून म्हणाला. "वर बसणाऱ्यांनी फोन बंद ठेवायचे बरं का."

"मोजे घाण केलेस तर बघ," ती म्हणाली.

लॉन्झोने तिला अगदी पुढे नेलं, कठड्याला लागून. इतक्या वर्षांत ती माडीवर कधी बसली नव्हती. दारातून फक्त समोरचं व्यासपीठ दिसायचं, आणि पाहुण्यांच्या पाठी. खाली ती जायची ती अंत्यविधीला, आणि अंत्यविधीला सभागृह गच्च असायचं, गावोगावचे नातेवाईक आलेले असायचे. एरवी मागच्या जिन्यानं वर, आणि प्रार्थना संपली की त्याच जिन्यानं सरळ तळघरात, जेवण वाढायला.

गाणं सुरू झालं. पायाखालची लाकडं थरथरली, माडी उठून उभी राहिली, टाळ्या पडू लागल्या. कॉर्डेलियाही उठली. कठडा धरून तिने खाली पाहिलं, आईचं बाक बघायला.

आधी तिला वाटलं, लोक अजून यायचे आहेत.

पण गाणं तर सुरू झालं होतं. मग वाटलं, आज कुणाची सहल असेल, कुणाचं लग्न. ती खाली ओळखीच्या हॅट शोधू लागली. आयनेझची हिरवी हॅट सापडली. तिच्याजवळ एक पांढरी, एक करडी. व्यासपीठाजवळच्या बाजूच्या दारानं ये-जा करणारी माणसं पुढच्या काही बाकांवर एकमेकांना चिकटून बसली होती, थंडीत बसावीत तशी. आणि त्यांच्या मागे काही नव्हतं. बाकामागे बाक, थेट दारापर्यंत. स्वच्छ पुसलेली, चकचकीत. रंगीत काचांतून ऊन येत होतं आणि तांबडं-निळं होऊन नुसत्या लाकडावर पडत होतं. पूर्वी हे रंग माणसांच्या खांद्यांवर पडायचे.

आवाज तर भरलेला होता, तोच आवाज, इतकी वर्षं दारातून ऐकलेला. तिने मान तिरकी करून ऐकलं. टाळ्या माडीवर वाजत होत्या. ठेका धरत होते ते डेन्मार्कचे आणि जपानचे हात, चुकत, एकमेकांकडे बघत. ज्यांना ती चर्चच्या पोटावर बसलेलं ओझं समजत होती, त्यांच्याच हातांनी चर्चचा श्वास चालला होता. हातमोजे नसलेले आपले हात तिला एकदम उघडे वाटले.

डॅनिश बाई तिच्या कानाशी वाकली. तिने हळूच विचारलं, "तुमची बाकीची माणसं मागाहून येतात का?"

"येतील," कॉर्डेलिया म्हणाली. खोटं बोलल्याचं तिला बोलून झाल्यावर कळलं.

ती बसली. पुढच्या गाण्याला सगळे उठले, ती उठली नाही. दानाची थाळी फिरली, तिच्या हातातून पुढे गेली. तिला काही दिसत नव्हतं, फक्त ते लाकडावरचं निळं ऊन.

गाणं संपलं. लॉन्झो तिच्याजवळ वाकला. "मिस कॉर्डी, आम्हाला निघायला हवं. यांचं जेवण सांगितलंय."

"तुला माहीत होतं," ती म्हणाली.

"मी दर रविवारी इथंच बसतो."

"मग तोंड शिवलं होतं का?"

"तुम्हाला कोण सांगणार? कान धरून जिन्यावरून खाली लोटलं असतंत." मग तो हळू आवाजात म्हणाला, "मला बोलता येत नव्हतं. म्हणून ही कठड्याजवळची जागा दिली."

त्याने बोट वर केलं. घोळक्याने बोटं वर केली आणि माडी रिकामी झाली. डॅनिश बाईने जाताना तिच्या खांद्याला हात लावला. कॉर्डेलियाला तो झटकायचंही सुचलं नाही.

पास्टर हेअरस्टन प्रवचनाला उभे राहिले. नेहमीप्रमाणे त्यांनी नजर वर उचलली, दाराकडे, तिच्या जागेकडे. तिथे थॅडियस होता. नजर चाचपडत खाली आली आणि कठड्याशी बसलेल्या तिच्यावर थांबली. त्यांचं वाक्य मधेच तुटलं. क्षणभरच. मग ते पुन्हा बोलू लागले. पण त्या क्षणात तिला दिसलं, की या माणसाने देवाकडे कधीच बघितलं नव्हतं. त्याच्या समोर दर रविवारी ही मोकळी बाकं पसरलेली असत आणि ती बघवत नाहीत म्हणून तो वर बघत होता, जिथे निदान एक बाई उभी असे. आणि ठरावातलं ते जिन्याचं कारण, तेही ही रिकामी बाकं झाकायलाच. बिचारा. माणसांना तुम्ही संपत आलात असं व्यासपीठावरून कुणी कसं सांगावं?

सभेसाठी ती काठी टेकत खाली उतरली. मधल्या वाटेने चालताना काठीचा आवाज दोन्ही बाजूंनी परत आला. पुढे कुणीही वळून पाहिलं नाही.

तिसऱ्या बाकावर आयनेझ बसली होती. शेजारी तिची मोठी काळी पर्स उभी होती. "ये गं," ती कुजबुजली. "तुझ्यासाठी केव्हाची जागा धरून ठेवलीय. कुणाला बसू दिलं नाही."

कॉर्डेलियाने त्या पर्सकडे पाहिलं. तिला हसू यायला हवं होतं. ती उभीच राहिली.

विश्वस्तांपैकी डीकन बर्डसाँगने ठराव वाचला. "विरोधात सिस्टर मेब्री बोलणार आहेत," तो म्हणाला.

"घे त्यांना फैलावर," आयनेझने तिला कोपर मारलं.

कॉर्डेलियाने घसा साफ केला. फोन करताना पाठ केलेलं भाषण होतं. आई, पितळी पट्टी, चड्डीतला माणूस. त्यातला एक शब्द येईना.

"मागे बघा," ती म्हणाली.

"काय?"

"सगळ्यांनी मागे वळून बघा."

आयनेझने तिच्याकडे भूत बघावं तसं पाहिलं. "चर्चमध्ये?"

"हो. चर्चमध्ये."

"डोकं ठिकाणावर आहे ना तुझं? गुडघ्याचं औषध चढलंय का?"

"आयनेझ, बघ गं बाई. मी वरून बघून आलेय. मला एकटीला नाही झेपत."

व्यासपीठामागच्या खुर्चीत पास्टर हेअरस्टननी डोळे मिटून घेतले होते.

पहिली करडी हॅट वळली. मग पांढरी. म्हाताऱ्या माना, सवय नसलेल्या, खांद्यांसकट वळत होत्या, बाकाच्या पाठीला हात लावून. कुणीतरी "अरे देवा" म्हणालं. ते प्रार्थनेसारखं वाटलं नाही, ठेच लागल्यावर म्हणतात तसं वाटलं. डीकन बर्डसाँग दाराकडे बघत राहिला. त्याच्या हातातला कागद खाली आला. मतं मागायची तो विसरून गेला, आणि कुणी आठवणही केली नाही.

हिरवी हॅट सगळ्यांत शेवटी वळली. आयनेझ खूप वेळ मागे बघत होती. नवऱ्याचं बाक कुठलं ते तिला इतक्या रिकाम्या ओळींत लगेच सापडत नसावं.

मग ती पुढे वळली. शेजारची काळी पर्स तिने दोन्ही हातांनी उचलली आणि मांडीवर घेतली.

"बसू देत," ती म्हणाली. आवाज तिचा वाटलाच नाही. "पण हॅटमागे बसवू नका गं त्यांना. काही दिसत नाही बिचाऱ्यांना."