लाईट गेली तरी डबी थांबंना

सन २००६. माझं वय तवा त्रेसष्ट. सेनगाव तालुक्यातली आमची वाडी मेंढरावर जगणारी. भुताखेतावर माझा काडीचा भरवसा नव्हता, आजबी न्हाई. तुमच्या ह्या सदरात लोकं चिंचेवरच्या बाया लिहितेत… हसू येतं. जलमभर रानात मेंढरं बसवली, एक बाई दिसली न्हाई.

माझा पोरगा केशव लग्नाच्या शूटिंगा करायचा. त्याचा कंप्युटर म्हंजे — ना डबा, ना झाकण. फळीवर एक हिरवी पाटी अन् वायरींची आतडी. त्यात जागा पुरंना म्हणून हिंगोलीहून जुनी हार्ड डिस्क आणली, पानाच्या डबीएवढी.

"लग्नं मावंनात आबा."

"लग्नं मांडवात मावतेत लेका. डबीत काहून कोंबून राहिला?"

त्याची आई होळीआधी गेली होती. अन् इकडं एक पहिलटकरीण मेंढी कोकराला जवळ येऊ देईना. आमच्यात अशा मेंढीला बाईमाणूस जिभेनं चुचकारतं, मग ती पान्हा सोडती. बायकोचा आवाज निराळाच — दोन टिचक्या, जरा थांबून एक लांब खर्र. "शिकून घ्या," म्हणायची, "मी नसल्यावर काय करसाल?" म्या म्हणायचो, गडीमाणूस चुचकारीत बसत न्हाई.

कोकरू कालपासून उपाशी. बाटली धरंना, मान टाकलेली. मेंढी ओसरीला बांधली होती. दाराशी केशव डबी जोडून राहिला होता. भर दुपार. त्यानं बटन दाबलं अन् डबी बोलली — टिक टिक… खर्र. टिक टिक… खर्र.

मेंढीनं कान टवकारले.

"खराब निघाली," केशव म्हणला. "मरायला टेकलेली डिस्क असाच आवाज करती."

"मंग तुला गंडवलं. लई शहाणा ना तू."

तेवढ्यात लाईट गेली, रोजच्यासारखी. पंखा थांबला, पडदा काळा. डबी थांबली न्हाई. केशवनं वायरी उपटून ती तळहातावर घेतली. टिक टिक… खर्र.

"आबा, हे… आईवाणी…"

म्या कोकरू उचलून सडाला लावलं. मेंढीनं लाथ मारली न्हाई. शेपटी हलू लागली.

"आबा, फेकू का ही?"

"हलू नको! पिऊ दे त्याला."

कोकरू पोट भरून बाजूला झालं अन् आवाज बंद.

पुढं हिंगोलीचा दुकानदार म्हणे, करंटबिगर आतली चकती फिरतच न्हाई, तुमाला भास झाला. म्हणलं, मेंढीलाबी झाला का? कोकराच्या पोटात काय भास गेला? एक भगत आत्मा-आत्मा करत आला, त्याला ओसरीवरून उठवला. बायकोला यायचंच असतं तर डबीत कशाला शिरली असती? दारानं आली असती, तिला कोण अडवणार होतं!

पर त्या दुपारच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मेंढी परत लाथा झाडू लागली. केशवनं डबी जोडली, हलवली, कानाला लावली — चूप. समोरच्या ओट्यावर चार म्हातारे तंबाखू मळत बसलेले. म्या मेंढीपाशी उकिडवा बसलो, जीभ टाळूला लावली. पहिल्या खेपेला नुसती थुंकी उडाली. म्हातारे फिदीफिदी हसले.

"हसा लेकहो," म्हणलं, अन् परत जीभ लावली.