एकाच वळणाचं अक्षर

सोलांजचं आणि माझं अक्षर एकच होतं. एकसारखं नव्हे, एकच. आमच्या कॉन्व्हेंटमधल्या सगळ्या मुलींचं तेच असे: उभं, टोकदार, जांभळ्या शाईतलं. सिस्टर क्लोतिल्द पट्टी घेऊन बाकांमधून फिरायच्या. कोणाच्या अक्षराला जरा जास्तीचा बाक आला की बोटांवर पट्टी. वहीवरून मुलगी ओळखू आली तर तो गर्व, असं त्या म्हणत.

साहित्याच्या इतिहासाचं आमचं पुस्तक जाडजूड होतं. त्यात बायका तीन. एक मुलीला पत्रं लिहिणारी सरदारीण, एक राणी, आणि तिसरीचं पान सिस्टरांनी डिंकाने चिकटवून टाकलेलं. सोलांजने ते किटलीच्या वाफेवर धरून उघडलं. लाकडी बूट करणाऱ्याची मुलगी ती, तेव्हा तेरा वर्षांची.

"काय होतं गं त्यात?" मी विचारलं.

"जन्म, मृत्यू आणि ती कोणाकोणाबरोबर राहिली ते. तिच्या पुस्तकांची नावंच नाहीत."

पुढे तिने फेर्नां देलमास या शाळामास्तराशी लग्न केलं आणि १९५७ साली पहिली कादंबरी लिहिली. आमच्या भागातल्या वर्तमानपत्राने ती साभार परत केली. सोबत चिठ्ठी, पाककृती असल्यास जरूर पाठवाव्यात. वर्षभराने तिनेच नवऱ्याला सांगितलं, नावाचं पान तेवढं बदल आणि तुझं घाल. दोन महिन्यांत कादंबरी क्रमशः छापून येऊ लागली. फेर्नां वाईट माणूस नव्हता. रस्त्यात कोणी अभिनंदन केलं की कानापर्यंत लाल व्हायचा. पाचव्या कादंबरीपर्यंत लाल व्हायचा थांबला.

तेव्हा शाळेला गुरुवारी सुट्टी असे. फेर्नां आलिए नदीच्या काठी गळ टाकून बसायचा, आणि सोलांज वह्या घेऊन माझ्या स्वयंपाकघरात यायची. मी शेंगा निवडायची, ती आठवडाभरात लिहिलेलं वाचून दाखवायची.

"त्या धोबिणीला मारू नकोस गं," मी एकदा म्हणाले.

"मंगळवारीच मेली ती. आता मला सांगून काय उपयोग?"

माझी रोजनिशी तिला ठाऊक होती, आणि माझा नवरा ती चोरून वाचतो हेही. लहानपणी चर्चमध्ये झालेल्या पहिल्या कम्युनियनपासून मी एक दिवसही चुकवलेला नाही.

"ओदेत, कादंबरी माझी आहे असं त्यात लिहू नकोस हं," ती म्हणाली. "तुझा गास्तों वाचतो. आणि गास्तोंने वाचलं की दुसऱ्या दिवशी न्हाव्याकडे पोचतं."

म्हणून मी लिहीत गेले: आज सोलांजने फेर्नांच्या कादंबरीचं प्रकरण वाचून दाखवलं.

फेर्नां कोणाला खरं न सांगताच वारला. वाचनालयाच्या एका दालनाला त्याचं नाव दिलं गेलं. फीत सोलांजने कापली.

दोन वर्षांपूर्वी, डिसेंबरात, तिला पक्षाघात झाला. उजवा हात गेला, बोलणं अर्धं राहिलं, डोकं मात्र लखलखीत. जानेवारीत बातमी आली, आमच्या जिल्ह्याचा साहित्येतिहास तयार होतोय, फेर्नांला पाच पानं आहेत आणि ईस्टरला मजकूर छापखान्यात जाणार. मी ती बातमी तिला वाचून दाखवली. तिने डाव्या हाताने माझं मनगट धरलं.

"माझं... नाव."

साठ वर्षांत तिने ते कधी मागितलं नव्हतं. मी विचारलं, आत्ताच का?

"मरते... म्हणून."

मला काळजी नव्हती. पुरावा माझ्या कपाटात होता. सोलांजने माझ्याकडेच ठेवलेली कादंबऱ्यांची हस्तलिखितं आणि त्या वर्षांच्या रोजनिशा मी दोन पिशव्यांत भरल्या आणि त्या साहित्येतिहासाचे संपादक व्हेर्दिए यांच्याकडे गेले. इतिहासाचे निवृत्त शिक्षक ते, नीटनेटके, सभ्य. रोजनिशा पुन्हा चाळून बघाव्यात असं मला सुचलंसुद्धा नाही. मी खोटं लिहीत नाही, एवढंच डोक्यात.

त्यांनी हस्तलिखित उघडलं, शेजारी रोजनिशी.

"मादाम, हे अक्षर तर एकच आहे. कादंबऱ्या तुम्ही लिहिल्यात की काय?"

"आमच्या वर्गातल्या बत्तीस जणींचं हेच अक्षर आहे."

"म्हणजे एकतीस जणी अजून यायच्यात तर." ते हसले. मग पानं उलटता उलटता थांबले आणि मोठ्याने वाचू लागले. "'फेर्नांच्या कादंबरीचं तिसरं प्रकरण.' 'फेर्नांच्या कादंबरीचं चौथं.' हे तुमच्याच हातचं ना?"

"तिने तसं लिहायला सांगितलं होतं."

"आणि तसं सांगितल्याचं कुठे लिहिलंय?"

मी पानं उलटत राहिले. त्या एका वहीत असे एक्केचाळीस गुरुवार होते. ते कुठेच लिहिलेलं नव्हतं.

"बायका नवऱ्यांच्या लिखाणाच्या प्रती काढायच्याच, मादाम. तेही कष्टाचंच काम आहे, मी ते नाकारत नाही."

मी रडले. म्हटलं, निदान तिला भेटा तरी. ते सौजन्याने आले. पलंगाशी बसून म्हणाले, "मादाम देलमास, एखादं वाक्य लिहून दाखवता? कादंबरीतलं, कुठलंही."

मी कागदाखाली पाट आणि पाटाखाली उशी दिली. तिने पेन्सिल डाव्या मुठीत धरली. पाव तास लागला. कागदावर तिचं माहेरचं नाव आलं, सोलांज ब्रुस्त. अक्षरं आडवी पडलेली, एक मोठं, एक लहान, शेवटचं कागदाच्या बाहेर गेलेलं.

व्हेर्दिए यांनी ते खिडकीशी नेऊन पाहिलं. "हे कोणाच्याच अक्षरासारखं नाही," असं म्हणून त्यांनी कागद हळूच परत ठेवला.

ती माझ्याकडे बघून अर्ध्या तोंडाने हसली. "सिस्टर... मारतील." मग तिने भिंतीकडे तोंड केलं. ईस्टरपर्यंत मी रोज गेले, पत्रं लिहिली, महापौरांच्या कार्यालयात दोनदा बसून आले. ती पुन्हा काही बोलली नाही. मे महिन्यात गेली. चर्चच्या दारावर लागलेल्या कागदावर 'लेखक फेर्नां देलमास यांच्या पत्नी' असं होतं.

पुस्तक जूनमध्ये आलं. पाच पानांच्या तळाशी बारीक टाइपात एक ओळ आहे: हस्तलिखिते पत्नीच्या अक्षरात.

मी त्या रोजनिशा टेबलावर काढून ठेवल्या आहेत. दर गुरुवारी एक उघडते, पेन हातात घेते. 'फेर्नांच्या' खोडून 'सोलांजच्या' लिहायचं, एवढंच काम. पण दुरुस्तीही त्याच अक्षरात होणार. उद्या कोणी बघितलं तर म्हणेल, म्हातारीने मैत्रिणीसाठी मागाहून घातलं. मी टोपण लावते आणि वही मिटते.